कुरी की तुरू

मंद्रूपच्या पुढं, भीमेकडं उतरणाऱ्या रस्त्यावर कुरणहळ्ळी नावाचं गाव आहे. गावाबाहेर लिंबाखाली कमरेएवढा एक दगड उभा होता. धनगरवस्तीतली माणसं त्याला माळप्पा म्हणायची, सणावाराला तेल-शेंदूर लावायची. पाटील मंडळी म्हणायची, हा आमच्या लढाईत पडलेल्या पूर्वजाचा दगड. पण शेंदूर लावायला त्यांच्यातलं कुणी कधी आलं नव्हतं. दोन्ही गोष्टी पिढ्यान्‌पिढ्या शेजारी शेजारी नांदल्या, कारण पुरावा कुणी कुणाला मागितला नव्हता.

मग रस्ता रुंद करायचं काम निघालं. जेसीबीनं लिंबाच्या मुळाशी उकरलं आणि दगड कलंडला. जेवढा वर होता तेवढाच खाली निघाला, आणि जमिनीत गाडलेल्या भागावर अक्षरांच्या तीन ओळी होत्या.

धनगरवस्तीतल्या धुळाप्पा बंडगरांनी तिथूनच सोलापूरला लेकीला फोन लावला.

"रुपे, माळप्पाच्या दगडावर लिवल्यालं घावलंय. तू वाचतीस न्हवं तसलं?"

रुपाली एका कॉलेजात इतिहास शिकवायची. धुळाप्पांनी पन्नाशीपर्यंत मेंढरं राखली, आणि त्या मेंढरांच्या जिवावर लेकीला वसतिगृहात ठेवून शिकवलं. गेली दोन वर्षं ती दर रविवारी बाळीवेशीत संगप्पा कलशेट्टी सरांकडं जुनी कन्नड लिपी शिकायला जात होती. सर कन्नड शाळेतून निवृत्त झाले होते आणि चाळीस वर्षं सायकलवरून गावोगावचे शिलालेख उतरवत हिंडले होते. पण त्या आठवड्यात ते डोळ्याच्या ऑपरेशनसाठी हुबळीला मुलीकडं गेले होते. रुपालीनं थांबायला हवं होतं. ती थांबली नाही. आपल्या गावात, आपल्या वस्तीच्या देवाखाली लेख निघाला म्हटल्यावर तिच्यानं राहवलंच नाही. कागदाची गुंडाळी, ब्रश, शाई असं सगळं पिशवीत भरून ती दुपारीच स्कूटीवर निघाली.

लिंबाखाली गर्दी जमली होती. दगड दोन पोत्यांवर आडवा ठेवला होता. रुपालीनं अक्षरांवरची माती पाण्यानं धुतली, ओला कागद पसरला, ब्रशनं हळूहळू ठोकून तो अक्षरांच्या खाचांत बसवला आणि वरून शाईत भिजवलेली कापडाची पुरचुंडी फिरवली. काळ्या कागदावर पांढरी अक्षरं उमटली तेव्हा बायामाणसांनी "आगं बया" म्हणून तोंडाला पदर लावला.

"ही वीरगळ हाय," ती म्हणाली. "लढताना मेलेल्या माणसाच्या आठवणीचा दगड. आठ-नऊशे वर्षांपूर्वीचा असंल."

"ते ऱ्हाऊ दे. कोण हुता ते सांग की," सरपंच बाळासो पाटील म्हणाले.

ती वाचत गेली. माच नावाचा माणूस. 'इरिदु सत्त', म्हणजे भोसकाभोसकीत मेला. कशापायी, तो शब्द मात्र फुटका होता. दोनच अक्षरांचा शब्द. पहिल्या अक्षराची डावी बाजू टवका उडून गेलेली, दुसऱ्याची मात्रा झिजलेली. वरून दुपारचं ऊन ओतत होतं. रुपालीनं बोट फिरवलं. मधला गोलावा तिला ओळखीचा वाटला, आणि शब्द तोंडातून निघूनच गेला.

"कुरी."

कुरणहळ्ळीत अर्धं गाव घरात कन्नड बोलतं. कुरी म्हणजे मेंढरं, हे कुणाला समजावून सांगायची गरज नव्हती. मग मागून कुणीतरी ओरडलं, "मेंढरं राखताना मेला! आपला हुता, आपला!" आणि भंडारा उधळला गेला. रुपालीच्या केसांत, कागदावर, शाईत, सगळीकडं पिवळा रंग. धुळाप्पा दगडापाशी उकिडवे बसले होते, ते उठलेच नाहीत. त्यांच्या डोळ्यांतून पाणी वाहत होतं, आणि ते पुसायचंही त्यांना सुचलं नाही.

तिसऱ्या दिवशी पेपरात बातमी आली: 'कुरणहळ्ळीत सापडला मेंढपाळ वीराचा शिलालेख'. खाली रुपालीचा फोटो. कॉलेजात सत्कार झाला. वस्तीवर समिती स्थापन झाली आणि धुळाप्पांना अध्यक्ष केलं. खांद्यावर घोंगडी, हातात काठी असा माचाचा पुतळा उभा करायचा, असं ठरलं. जन्मात कधी व्यासपीठावर न चढलेला तिचा बाप आता कडक इस्त्रीचं धोतर नेसून अक्कलकोट, दुधनीपर्यंत सभांना जाऊ लागला. "आमचा बी इतिहास हाय," एवढं एकच वाक्य तो बोलायचा, आणि लोक टाळ्या वाजवायचे.

पंधरा दिवसांनी संगप्पा सर परतले. रुपाली पेढे आणि कागदाचा ठसा घेऊन बाळीवेशीत गेली. सरांनी हिरवा चष्मा कपाळावर सरकवला, ठसा खिडकीपाशी धरला आणि एकेका अक्षरावरून बोट फिरवलं. पेढ्याचा पुडा तसाच राहिला.

"कुरी हे कुणी वाचलं?"

"मी, सर."

"तू वाचलंस की तुझ्या आप्पांनी?"

रुपालीचा चेहरा उतरला. सरांच्या ते लक्षात आलं, तरी ते थांबले नाहीत.

"हे बघ. पहिलं अक्षर 'कु' असेल किंवा 'तु' असेल. ठशात दोन्ही दिसतंय, म्हणजे काहीच दिसत नाहीये. दुसरं 'रि' असेल किंवा 'रु' असेल. कुरी म्हणजे मेंढरं. आणि तुरू?"

"गाई," रुपाली हळूच म्हणाली. तुरू हा जुना शब्द. आता बोलण्यात राहिलेला नाही, म्हणून गावात कुणाला आठवला नव्हता. पण तिला यायला हवा होता. सरांनी शिकवलेल्या पहिल्या दहा शब्दांत तो होता.

"गाई पळवून नेल्या, त्या सोडवताना माणूस मेला, असं लिहिलेले दगड मी किती उतरवलेत, मोजलेले नाहीत. मेंढरांसाठी मेला असं लिहिलेला एकही माझ्या पाहण्यात नाही. म्हणजे असा दगड नसेलच, असं मी म्हणत नाही. असूही शकतो. पण जे कधी दिसलं नाही ते दिसलं म्हणायचं, तर आपण दुप्पट खात्री करून घ्यायला नको का?"

"सर, दगड खोटं बोलत नाही, असं तुम्हीच म्हणता."

"मी? मी असं कधीच म्हणालो नाही. दगड घडवून घेणारं कुणीतरी माणूसच होतं की. आपल्या माणसाला वीर म्हणावं, अशी त्याचीही इच्छा असणारच. त्याची इच्छा दगडात आहे, तुझी वाचण्यात आहे. दोन्ही बाजूला ठेवून काय उरतं ते बघायचं." सरांनी शेवटी पुडा उघडून एक पेढा तोंडात टाकला. "दुपारी वाचलंस ना? दुपारचं ऊन दगड सपाट करतं. सकाळी जा. ऊन आडवं असताना. जाताना आरसा ने."

दुसऱ्या दिवशी दिवस उगवायला रुपाली लिंबाखाली पोचली. दगड आता उभा करून मुरुमाच्या ओट्यावर टेकवला होता, वर शेडनेटचा मांडव घातला होता. तिची आत्ती, धुळाप्पांची थोरली बहीण केराबाई, तांब्या घेऊन पूजेला आली होती. चाळीस वर्षं तीच माळप्पाला तेल घालत होती.

"एवढ्या सकाळचं गं?"

"आत्ती, एक काम कर. आरसा धर. ऊन ह्या बाजूनं दगडावर पाड."

केराबाईंनी आरसा धरला. आडवा उजेड दगडावरून सरकला तशा अक्षरांच्या कडा सावली टाकत उठून उभ्या राहिल्या. पहिलं अक्षर तरीही अर्धवटच राहिलं. पण दुसऱ्या अक्षराच्या उजव्या बाजूनं खाली वळणारी एक बारीक, झिजलेली रेघ स्पष्ट दिसली. रुपालीनं आरसा दुसरीकडून धरायला लावला. रेघ होतीच. रि नव्हे, रु. आणि कुरू म्हटलं तर इथं काही अर्थच लागत नव्हता. तुरू.

तिनं आणखी तीन वेळा पाहिलं. तीन वेळा पाहायची गरज नव्हती.

आता तिसरी ओळही नीट लागली. त्या दिवशीच्या भंडाऱ्यात ती कुणी वाचलीच नव्हती. 'तंगि केतव्वे कल्ल निलिसिदळ्.' धाकटी बहीण केतव्वे हिनं दगड उभा केला.

"काय म्हणतोय द्येव?" केराबाईंनी विचारलं.

"मी चुकीचं वाचलं, आत्ती."

केराबाईंनी आरसा खाली ठेवला. मग म्हणाल्या, "धुळाप्पाला आधी तू सांग. दुसऱ्याच्या तोंडून कळू देऊ नगंस."

धुळाप्पा घरात पुतळ्याचं चित्र बघत बसले होते. मूर्तिकारानं फोनवर पाठवलं होतं. रुपालीनं सगळं सांगितलं. टवका, मात्रा, आरसा, काही लपवलं नाही. त्यांनी फोन उलटा करून चटईवर ठेवला.

"म्हंजी मेंढरं न्हाईत?"

"न्हाईत, आप्पा. गाई."

"गाई राखणारा बी धनगर असंल की. आमच्यात बी गाई असत्यात."

"असंल. नसंल बी. दगडावर कुळ लिवल्यालंच न्हाई."

धुळाप्पा उठले, दारापर्यंत गेले, परत आले. मोठ्यानं बोलणारा माणूस नव्हता तो. त्या दिवशीही मोठ्यानं बोलले नाहीत.

"पाटलाकडं सनदा हायत. कागुद हायत, वंशावळी हाय. आमच्याकडं काय हाय, रुपे? शंभर पिढ्या मेंढरामागं चालल्या. मातीतल्या पावलाचा माग वारा पुसतो. एक दगड घावला, आन त्यो बी माझी लेकच काढून घ्यायला लागली."

रुपालीकडं उत्तर होतं. खोट्यावर उभं केलेलं उद्या दुसरा कुणीतरी येऊन पाडील, मग आपलं खरं आहे तेही कुणी मानणार नाही. उत्तर बरोबर होतं. पण बापाच्या तोंडाकडं बघून तिनं ते बाजूला ठेवलं. ती एवढंच म्हणाली, "आप्पा, गावात वाचलं, गावातच चूक सांगीन म्हणते."

"सांग. शिकविली कशाला तुला?" ते म्हणाले, आणि घोंगडी खांद्यावर टाकून रानाकडं निघून गेले. हे त्यांनी रागानं म्हटलं की कसं, ते तिला तेव्हा कळलं नाही.

ग्रामपंचायतीसमोर सभा भरली. समितीची पोरं एका बाजूला, पाटील मंडळी दुसऱ्या बाजूला. रुपालीनं उभं राहून सांगितलं, "त्या दिवशी मी घाई केली. माझ्या मनात जे हवं होतं तेच मला दगडावर दिसलं. शब्द कुरी नाही, तुरू आहे. गाई."

वस्तीतला एक जण ताडकन उठला. "पाटलांनी किती दिलं?"

तिच्या डोळ्यांत पाणी आलं. पण ती उभीच राहिली. पलीकडं बाळासो पाटलांनी मिशीवरून हात फिरवला.

"बसा रं. बाईंनी खरं सांगितलं की. गाई कुणाच्या असायच्या त्या काळात? गावच्या पाटलाच्या. म्हंजी आमी म्हणत हुतो तेच निगालं."

"नाही," रुपाली म्हणाली. "तेही दगड म्हणत नाही. लेखात गावपाटलाला जो शब्द असायला हवा तो इथं नाही. नुसता माच. त्याचं कुळ नाही, वडिलांचं नाव नाही, गाई कुणाच्या तेही नाही. बहिणीचं नाव तेवढं आहे."

"मग हुता कोण त्यो?"

"माहीत नाही."

सभेत हशा पिकला. आधी पाटील हसले, मग धनगरही. महिन्याभरात दोन्ही बाजू पहिल्यांदाच एका गोष्टीवर एकत्र आल्या होत्या. "येवढी पीएचडी करून म्हायती न्हाई म्हणतीया!" कुणीतरी म्हणालं.

तेवढ्यात बायकांतून केराबाई उठल्या. सभेत बायकांनी बोलायची त्या गावाला फारशी सवय नव्हती; पण त्या सत्तरीच्या होत्या, आणि देवाच्या पुजारीण होत्या.

"अक्षराचं ऱ्हाऊ द्या. ज्यांना वाचाय येत न्हवतं त्यांच्यासाठी वर चित्तर काडल्यालं असंल का न्हाय? माज्या सासूच्या आधीपासनं त्याच्यावर शेंदूर बसलाय. खाली काय हाय ते मी बी कवा बघितलं न्हाय. बघू या की."

"शेंदूर काढायचा? देवाचा?" समितीतला एक जण म्हणाला. "कुणाची परवानगी हाय?"

"आंघुळ घालायला परवानगी कशाची? लेकराला घालतूच की."

रुपालीनं एवढंच सांगितलं की छिन्नी, ब्लेड, ॲसिड काही वापरायचं नाही, आणि दोन्हीकडची माणसं समोर हवीत. दुसऱ्या दिवशी सकाळी केराबाईंनी गोडं तेल कोमट करून आणलं. तेल मुरवायचं, थांबायचं, कापडानं टिपायचं. मग परत तेल. ऊन चढलं तशी बोटभर जाडीची शेंदराची ढलपी सुटून हातात आली. केराबाईंनी ती परातीत ठेवून हळद-कुंकू वाहिलं. दुसरी ढलपी सुटली. बाळासो पाटील खुर्ची टाकून लांब बसले होते, ते खुर्ची सोडून जवळ आले. धुळाप्पाही आले होते. चार दिवस ते लेकीशी बोलले नव्हते. आत्ताही मांडवाच्या खांबाला टेकून उभे राहिले.

खालच्या पट्टीत जनावरं निघाली. एकामागं एक पाच. प्रत्येकीला वशिंड, प्रत्येकीची शेपटी खुरापर्यंत लोंबणारी. धुळाप्पा खांब सोडून पुढं आले, गुडघ्यावर बसले आणि एका शेपटीवरून अंगठा फिरवला. मेंढराची शेपटी कशी असते हे त्यांना कुणी सांगायला नको होतं.

"गाईच हायत," ते म्हणाले. मोठ्यानं म्हणाले, सगळ्यांना ऐकू जाईल असं.

वस्तीतली पोरं वाकून बघू लागली. त्यांच्या अध्यक्षानंच सांगितलं होतं.

गाईंच्या पुढं माच उभा होता. अंगात चिलखत नाही, खाली घोडा नाही. हातात एक लांब काहीतरी, टोकाशी तुटलेलं.

"भाला हाय," बाळासो म्हणाले.

"भाला कशाचा, काठी हाय," मागून उत्तर आलं.

दोघांनी रुपालीकडं पाहिलं. ती वाकली, आरसा धरला, टोक पाहिलं. जिथं पातं असलं तर असतं, नेमका तिथंच दगड फुटला होता. तिला हसू आलं आणि ते तिनं दाबलं नाही.

"जिथंवर दगड आहे तिथंवर काठी दिसते. पुढं पातं होतं की नव्हतं, सांगता येत नाही. दोन्ही लिहीन."

त्याच्या वरच्या पट्टीत अप्सरा त्याला उचलून नेत होत्या, आणि सर्वांत वर तो पिंडीपुढं हात जोडून बसला होता. दिवसभर गावातली माणसं येऊन बघून गेली. बायका मात्र खालच्या तिसऱ्या ओळीपाशी थांबायच्या. केराबाई एकेकीला बोट ठेवून दाखवायच्या, "हितं बघ. हितं तिचं नाव हाय. केतव्वा." त्यांना एकही अक्षर येत नव्हतं, पण जागा त्यांनी पाठ केली होती.

पुतळा झाला नाही. रस्ता चार हात वळवून दगड लिंबाखालीच ठेवायचं ठरलं. पेपरात रुपालीचा खुलासा सातव्या पानावर, लग्नाच्या जाहिरातींशेजारी आला. कॉलेजात काही जण मागून 'कुरी मॅडम' म्हणायला लागले आणि बरेच महिने म्हणत राहिले. संगप्पा सरांनी खुलासा कापून वहीत चिकटवला. "पहिली चूक मी पस्तिसाव्या वर्षी कबूल केली," ते म्हणाले. "त्याआधीच्या अजून छापलेल्याच आहेत."

फलकाचा मजकूर रुपालीनं लिहिला. त्यात 'माहीत नाही' हे शब्द दोनदा आले. पंचायतीनं एकदा खोडून बघितले, पण मग वाक्यच उभं राहीना, म्हणून तसेच ठेवले.

आप्पांशी बोलणं व्हायला दिवाळी उजाडली. पाडव्याला ती ओवाळायला गेली, तर धुळाप्पांनी ओवाळून झाल्यावर तिला उठू दिलं नाही.

"रुपे, तुजा त्यो रेकॉर्डिंगवाला फोन हाय का संगं?"

"हाय की."

"लाव. दगडावर आमचं काय न्हाय ते समजलं. पण दसऱ्यानंतर मेंढरं घेऊन आमी कुटनं कुटं जायचो, कुटल्या हिरीवर पाणी पाजायचो, कुटल्या रानात बसायचो, ते मला तोंडपाठ हाय. माज्या बापाची वाट बी ठावं हाय. मी मेल्यावर ते बी जाईल. मग तू म्हणशील, म्हायती न्हाई."

रुपालीनं फोन चटईवर ठेवला. धुळाप्पा डोळे मिटून बोलू लागले. पहिला मुक्काम ओढ्याच्या काठी. दुसरा जोडविहिरीवर. भीमेचा उतार, त्या वर्षी पाणी कुठंवर होतं, कुठल्या गावच्या गावड्यानं, म्हणजे तिकडच्या पाटलानं, रान दिलं, कुठल्यानं कुत्री सोडली. गावांची नावं मराठीतून कन्नडात कधी गेली ते ऐकताना कळतही नव्हतं. केराबाई आतून फराळाचं ताट घेऊन आल्या आणि तिथंच बसल्या. मधेच त्या म्हणाल्या, "तिसरा मुक्काम तितं न्हवता रं, अलीकडं हुता. त्या वाटंवरच तुजी धाकटी लेक झाली न्हवं?" दोघा भावंडांत वाद लागला. रुपालीनं फोन बंद केला नाही. दोघांचं दोन्ही उतरून घेतलं.

मग धुळाप्पा आपल्या आज्याची गोष्ट सांगू लागले. एका दुष्काळात आज्यानं दोनशे मेंढरं चारायला थेट कृष्णेपर्यंत नेली, आणि त्यातलं एकही मेलं नाही.

"आप्पा," रुपालीनं मधेच विचारलं, "एकही न्हाई? हे तुमी बघितलं, का ऐकलं?"

धुळाप्पांनी डोळे उघडले. भुवया जवळ आल्या. केराबाईंनी हातातला लाडू ताटात ठेवला. क्षणभर वाटलं, हा माणूस आता परत घोंगडी उचलून रानात जाणार.

"ऐकल्यालं," ते म्हणाले. "आज्या सांगायचा. आन आज्याला वाढवून सांगायची लई खोड हुती." मग फोनकडं वाकून, जणू तो बहिरा आहे असं समजून, ते मोठ्यानं म्हणाले, "हे ऐकल्यालं हाय, लिवून घ्या. आता फुडचं सांगतो. ते माज्या डोळ्यांनी बघितल्यालं."